मका चार, कोंडा बारा

माळाला निळे पत्रे लागले आणि शकीलच्या बोकडांचं चरणं बंद झालं. पत्र्यांच्या आत काय होणार हे विचारायला तो एकदा गेला होता. फाटकावरच्या माणसाने खुर्चीतून न उठता "टॉवर" एवढंच सांगितलं. तळोज्याच्या जुन्या गावात बकऱ्या पाळणारी घरं आता थोडीच उरली होती. त्यांनी आपापली जनावरं दारात बांधली आणि उन्हाकडे बघत बसली.

यंदा बकरी ईद मेच्या अखेरीस होती. वर्षभर वाढवलेल्या बोकडांच्या अंगावर मांस चढायचे हेच दिवस, आणि नेमका आता चारा नव्हता. शकील कळंबोलीच्या लोखंड बाजारात टेम्पोवर असायचा. फजरची नमाज झाली की निघायचा तो मगरीबला परतायचा. त्याच्या बायकोचे, सफूराचे, गुडघे सुजलेले, खाली बसलं की उठवत नसे. त्यामुळे बोकडांचं सगळं पारूच्या अंगावर होतं.

पारू डोंगराच्या पायथ्याच्या कातकरवाडीवरून यायची. येतानाच डोंगरातून उंबराचा, बोरीचा पाला तोडून आणायची. डोक्यावरच्या भाऱ्याखाली तिचा चेहरा दिसत नसे, फक्त काळ्या, घामाने चकाकणाऱ्या पोटऱ्या चालत यायच्या. अंगणात भारा टाकला की ती मान दोन्हीकडे वळवून कडाकडा मोडायची आणि मग पाणी मागायची. सफूराची एक बकरी तिने निम्म्या वाट्याने सांभाळली होती. त्या बकरीचा एक बोकड पारूचा ठरला होता. तो शकीलच्याच शेडमध्ये, त्याच दावणीला बाकीच्यांबरोबर वाढत होता.

पण आता डोंगरातला पालाही संपत आला. खालच्या फांद्या बोडक्या झाल्या, वरच्यांना हात पुरेना. तेव्हा शकीलने मक्याचा भरडा आणि गव्हाचा कोंडा आणून टाकला आणि संध्याकाळी गुरांच्या सुभाष डॉक्टरांना फोन लावला. फोन स्पीकरवर होता. ओट्यावर अरीबा भाकरीचा तुकडा चावत बसली होती.

"कोंड्यात शेकडा सोळा प्रोटीन धर, मक्यात आठ," डॉक्टर म्हणाले. "तुला मिळून चौदा पडायला पाहिजे. त्या हिशेबाने मिसळ. आणि सगळं मिळून दिवसाला सोळा किलोच्या वर जाऊ नको. मी पनवेलला निघालोय, गाडी चालवतोय."

शकीलने फोन ठेवला आणि लेकीकडे बघून हसला. "हे तर तुझं काम झालं, बेटा. कर आणि सकाळी पारूला सांग."

अरीबा नववी होऊन दहावीत जाणार होती. सुट्टीतच माधुरी मॅडमच्या क्लासला जायला लागली होती. गणितात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. दोन चलांची उदाहरणं आली की बाकीच्या मुली वही उघडून ओळी आखत, तोवर हिचं उत्तर आलेलं असे. मॅडम मात्र दर वेळी तिचा अर्धा गुण कापत. "कशाला x मानलंस ते कुठे लिहिलंय?" त्या विचारत. "समजा अमुक बरोबर x, तमुक बरोबर y. ही ओळ नसेल तर तुझं उत्तर कशाचं आहे हे मी कसं ओळखू?" अरीबाला ती ओळ म्हणजे वेळ घालवणं वाटे. तिला माहीत असे कशाचं उत्तर आहे ते.

त्या संध्याकाळीही तिने मनातच केलं. x आणि y मिळून सोळा. आठ x आणि सोळा y मिळून दोनशे चोवीस. x आला चार, y आला बारा. भाकरी संपायच्या आत उदाहरण संपलं. अब्बा कौतुकाने बघत होते आणि तिला बरं वाटत होतं.

सकाळी तिची मैत्रीण यूम्ना क्लासला न्यायला दारात उभी होती. अरीबा एका हाताने ओढणीला पिन लावत होती. शेडमधून पारूने हाक दिली.

"अरीबाबाय, खुराकाचं काय ते सांगून जा गो."

अरीबाच्या डोक्यात चार आणि बारा होते. डॉक्टर कोंडा आधी बोलले होते, मका नंतर. तिने त्याच क्रमाने ते आकडे वाटून टाकले.

"कोंडा चार डबे, मका बारा." डबा किलोचाच होता.

पारू शेडच्या दारात आली. हातात घमेलं होतं. "मका बारा आन् कोंडा चार. आसंच ना?"

"हो मावशी," अरीबा म्हणाली आणि यूम्नाबरोबर निघाली.

पारूने डबे मोजून घमेल्यात ओतले, हाताने कालवलं, पाणी शिंपडलं. मक्याचा गोड वास सुटला. बोकड दाव्याला हिसके देऊ लागले. कितीतरी दिवसांनी त्यांना पोटभर मिळत होतं. पारू एकेकाच्या पाठीवर थाप मारत होती. "खावा रं, खावा," म्हणत होती. निम्मा खुराक संध्याकाळसाठी राखला होता, तोही तिने घातला आणि घमेलं घासून पालथं ठेवून वाडीवर गेली.

दुसऱ्या दिवशी उजाडताना सफूराला शेडमधून दात खाल्ल्याचा आवाज आला. ती भिंतीला धरून गेली. दोन बोकड आडवे पडले होते, पाय ताठ. बाकीचे उभे होते पण माना खाली, डाव्या कुशी नगाऱ्यासारख्या तट्ट. जमिनीवर पिवळं पातळ सांडलं होतं आणि आंबलेल्या पिठाचा वास भरून राहिला होता. एकाच्या तोंडातून फेस गळत होता आणि तो कण्हत होता, अगदी माणसासारखा.

शकील टेम्पो चालू करत होता, तो बंद करून धावला. पारू पाल्याचा भारा घेऊन आली, तिने भारा वाटेतच सोडला. डॉक्टर येईपर्यंत तिघांनी मिळून एकेकाचं तोंड उघडून खायच्या सोड्याचं पाणी पाजलं. पारूने बोकड मांड्यांत धरायचा, शकीलने बाटली लावायची, सफूराने पाणी कालवून द्यायचं. पाणी नाकातून परत यायचं. पारूचा सगळा पदर भिजला. अरीबा उंबऱ्यात उभी होती. तिला कुणी काही सांगितलं नाही, म्हणून ती तशीच उभी राहिली.

सुभाष डॉक्टर आले. त्यांनी नळ्या घातल्या, सुया टोचल्या. दोन प्रहर होईतो पाच बोकड गेले होते. उरलेले जगतील असं डॉक्टर म्हणाले, पण ईदपर्यंत त्यांच्या अंगावर काही राहणार नव्हतं. पारूचा बोकड उरलेल्यांत होता. भिंतीला टेकून थरथरत उभा होता.

हात धुताना डॉक्टरांनी विचारलं, "भरडा किती घातला होता?"

"बारा डबं," पारू म्हणाली.

"बारा?" डॉक्टरांचे हात थांबले. "कोंडा जास्त आणि मका नावाला, असं पाहिजे होतं. एकदम एवढा मका पोटात गेला की आंबतो. जनावर टिकत नाही."

"पोरीनं सांगितलं तसंच घातलं मी."

सगळे अरीबाकडे वळले. डॉक्टर 'कोंडा जास्त' म्हणाले त्याच क्षणी तिला दिसलं होतं. आठ x. आठ मक्याचे. म्हणजे x मका. तिने आकडे बरोबर काढले होते आणि उलटे वाटले होते.

"काय सांगितलं होतंस तू?" शकीलने विचारलं. आवाजात राग नव्हता. दमलेला होता तो.

अरीबाचं उत्तर आलं, क्लासमध्ये येतं तसं, चटकन.

"मका चार, कोंडा बारा."

"बरोबर आहे," डॉक्टर म्हणाले. "मुलीचं गणित बरोबर आहे."

पारूने तिच्याकडे पाहिलं. अरीबाला वाटलं, आता ती बोलेल. मी दोनदा इचारलं होतं, तू हो म्हनालीस, असं म्हणेल. पारूचे ओठ हललेही. पण तिने भिजलेला पदर पिळला, खाली बघितलं, आणि म्हणाली, "मंग माझ्याच आयकन्यात गेलं आसंल. मला तं बारा मक्याचंच आयकू आलं."

मेलेले बोकड शकीलने आणि पारूने टेम्पोत चढवले. गावाबाहेर खड्डा खणायचा होता. पारूने निम्मा खणला. परत आल्यावर ती नेहमीसारखी पाणी मागायला ओट्यापाशी आली. सफूराने तांब्या दिला नाही.

"पारू, उद्यापासून नको येऊ," ती म्हणाली. "मी कुणाला शिव्याशाप देत नाही. अल्लाची मर्जी. पण माझ्याने आता तुझ्यावर भरवसा ठेववणार नाही."

पारू उभी राहिली. "माझा बोकड?"

"आमचे पाच गेले. तुझा राहू दे इथे."

पारूने कोयता उचलला, पाल्याच्या भाऱ्याची दोरी सोडून कमरेला गुंडाळली आणि गेली. पाला तिथेच राहिला. अरीबाने तो उचलून शेडमध्ये नेला. काटे बोटांत शिरले. कुणी बघत नव्हतं, तरी तिने ते लगेच काढले नाहीत.

मग घराची सगळी कामं तिच्यावर आली. पहाटे उठून शेड झाडायचं, लेंड्या भरायच्या, पाणी आणायचं. पाल्याला ती डोंगराकडे जायची. वर चढता येत नसे, म्हणून रस्त्याकडेच्या बाभळी ओरबाडायची. तिच्या भाऱ्यात पारूच्या भाऱ्याचा चौथा हिस्साही नसायचा. मान आखडायची. घामाने डोळे चुरचुरायचे, त्यात संध्याकाळी कारखान्यांकडून येणारा उग्र वास घशात बसायचा. "शिकणारी पोर, आणि काय नशिबी आलं," सफूरा शेजारणीला सांगायची. ते ऐकलं की अरीबा अजून एक हंडा आणायला निघायची. पारूचा बोकड तिच्या हातून पाला खायचा नाही. दुसऱ्याने पुढे टाकला तर खायचा. बहुतेक तिला तसं वाटत असेल.

क्लासमध्ये माधुरी मॅडमनी आई आणि मुलाच्या वयांचं उदाहरण घातलं. अरीबाने पहिली ओळ लिहिली. समजा, आईचे आजचे वय बरोबर x. पुन्हा वाचली. खोडली, परत तीच लिहिली. तास संपला तेव्हा पानावर तेवढंच होतं.

"अगं, आता ओळ लिहिलीस तर उदाहरणच सोडलंस," मॅडम हसून म्हणाल्या. मग तिचे हात बघून हसायच्या थांबल्या. "घरी काही झालंय का?"

"काही नाही मॅडम."

गावात मात्र सगळ्यांना कळलं होतं. पारू कातकरणीने शकीलचे बोकड मारले. कुणी म्हणे दारू पिऊन होती, कुणी म्हणे मुद्दाम केलं. पारू दारू पीत नाही हे सगळ्यांना माहीत होतं, तरी म्हणे. ती दुसऱ्या दोन घरी गोठ्याच्या कामाला जायची, त्यांनीही तिला नको सांगितलं. यूम्नाची आई त्यातली एक. "जनावर मुकं असतं बाई, त्याच्याशी असा खेळ नको," ती अरीबासमोरच म्हणाली, आणि तिच्या हातावर खजूर ठेवला. अरीबाने तो खाल्ला नाही, तिला तो टाकवलाही नाही. दिवसभर तो मुठीत चिकट होत राहिला.

एका दुपारी पाल्याला म्हणून ती निघाली आणि वाडीवर पोचली. ऊन टळटळीत होतं. पारू घरापुढच्या सावलीत सरपणाच्या मोळ्या बांधत होती. तिचा नवरा बुधाजी कुडाला टेकून बसला होता. त्याने अरीबाला बघून तोंड फिरवलं, पण पारू उठली, तिने हंडीतलं पाणी दिलं.

"भाभीचं गुडगं कसं हाय?"

"तसंच आहे."

"माझा तो? खातो का?"

"खातो."

पारू पुन्हा मोळीपाशी बसली. दोरी दातात धरून तिने गाठ आवळली. "पनवेलला जाऊन आले," ती म्हणाली. "सरकारी दवाखान्यात. कान दावून आले."

"कान?"

"मंग. चार बोललं आन् बारा आयकू आलं म्हंजे कानात दोष आसंल का नाय? दोन येळंला जावं लागलं. पैल्यांदा त्यो डाक्टर आलाच नव्हता. मंग त्यानं कानाला काय काय लावलं, आवाज काडलं. म्हनाला, मावशी, कान चांगलं हायती, माझ्यापेक्षा चांगलं हायती." ती हसली नाही. "मंग कान चांगलं आसतील तर डोस्क्यात बिघाड हाय. माझ्या आयशीचं पन म्हातारपनी तसंच झालतं. तिला पोरं वळखू येत नव्हती. आता मला कुनी काय सांगितलं का मी दोनदा, तीनदा इचारते. लोकं चिडतात."

बुधाजी म्हणाला, "रातची उठून बसते. डबं मोजते बोटावर."

अरीबाने पाण्याचं भांडं खाली ठेवलं.

"मावशी, तुम्हाला बरोबर ऐकू आलं होतं."

पारूचे हात चालूच होते.

"मीच बारा मका म्हटलं होतं. तुम्ही दोनदा विचारलं तेव्हा मी हो म्हटलं. माझं उलटं झालं होतं. डॉक्टर बोलले तेव्हा मला कळलं, आणि मी... मी खोटं बोलले."

मोळीची गाठ सुटली आणि काटक्या पसरल्या. पारूने त्या गोळा केल्या नाहीत. मग तिने दोन्ही हात उचलून आपल्या कानांवर ठेवले, दाबले, काढले. डोकं शाबूत आहे की नाही हे चाचपून बघावं तसे केसांवरून फिरवले. तिचे डोळे भरले.

"देवा," ती हळू म्हणाली. "चांगलं हाय मंग माझं."

बुधाजी उठून उभा राहिला. "शिकलेली पोर. आमाला येडं ठरवून गेली." त्याने आणखी काही बोलायला तोंड उघडलं, पण पारूने हात केला.

"माझ्या दारात सांगून काय उपेग?" ती अरीबाला म्हणाली. "मला तं तू काय बोललीस ते म्हाईतच हाय. तुज्या बापाला सांग. भाभीला सांग."

संध्याकाळी शकील टेम्पो धूत होता. सफूरा ओट्यावर तांदूळ निवडत होती. अरीबा मधोमध उभी राहिली आणि तिने सांगितलं, आकड्यांसकट, एकही शब्द न गाळता. पाइपातलं पाणी जमिनीवर वाहत राहिलं. शकीलने नळ बंद केला नाही.

सफूरा धडपडत उठली आणि तिने अरीबाच्या तोंडात मारली. मग तीच खाली बसून रडू लागली. "मी तिला पाणी दिलं नाही," ती म्हणाली. "उन्हात खड्डा खणून आलेली बाई. मी तांब्या आत नेला."

शकीलने हातातला पाइप खाली टाकला. शेवटी म्हणाला, "चुकीचं मला काही वाटत नाही, बेटा. चूक कुणाच्याही हातून होते. पण पारूला उलटं सांगितलंय हे माहीत असून तू डॉक्टरांसमोर बरोबर उत्तर दिलंस." आणि नळ बंद करायला गेला.

दुसऱ्या दिवशी त्याने टेम्पो काढला नाही. पारूचा बोकड दाव्याला धरून तो आणि अरीबा वाडीवर गेले. बोकड पारूला बघून ओरडला. शकील उभ्यानेच म्हणाला, "पारू, आमच्याकडून जुलूम झाला. माफी मागायला आलोय. हा तुझा घे. आणि उद्यापासून ये, सफूराने सांगितलंय."

पारूने बोकडाचं दावं घेतलं, त्याच्या कुशीवरून हात फिरवला, बरगड्या मोजल्यासारखं केलं. "ह्यो माझाच हाय, घेते," ती म्हणाली. "कामाला नाय येनार."

"का? राग आहे अजून?"

"राग नाय शकीलभाय. तुमच्या शेडात गेले का मला त्ये दिवस आठवंल. दुसरीकडं बगीन. पन दुसरीकडं मला कुनी उभं करत नाय." तिने अरीबाकडे पाहिलं. "हिला माझ्यासंगं धाडा. ज्या घरांनी नाय म्हनलं त्या घरी येऊन सांगू दे."

शकीलने लेकीकडे पाहिलं. अरीबाने मान हलवली.

पारू पुढे, अरीबा मागे, अशा दोघी भर दुपारी गावात आल्या. शकील टपरीपाशी थांबला, त्याच्याने पुढे येववेना. वाटेत कुणी कुणी थांबून बघत होतं. पहिल्या घरातल्या म्हाताऱ्या चाचींनी सगळं ऐकून घेतलं, "तौबा," म्हणाल्या, आणि पारूला जुम्म्यानंतर बघू म्हणून सांगितलं. दुसरं घर यूम्नाचं. यूम्ना दाराआड उभी होती. तिची आई ओट्यावर आली.

"माझी चूक होती," अरीबा म्हणाली. या वेळी आवाज थोडा मोठा निघाला. "पारूमावशींनी मी सांगितलं तेच केलं. नंतर मी खोटं बोलले."

यूम्नाच्या आईने तिला जवळ ओढलं, डोक्यावरून हात फिरवला. "किती गुणाची पोर. एवढं सांगायला हिंमत लागते," ती म्हणाली. आणि मग पारूकडे वळली. "काय गं, ती लहान आहे. तू तरी डोकं वापरायचं होतंस. म्हातारी झालीस बकऱ्या राखता राखता."

पारू पायरीखाली उन्हात उभी होती. अरीबा त्या हाताखालून बाजूला झाली.

"नाही चाची, त्यांची काही चूक नव्हती. त्यांनी दोनदा विचारलं होतं मला."

"बरं बरं. झालं गेलं. ये, सरबत घे."

"मावशींना कामाचं सांगा ना."

यूम्नाच्या आईचा चेहरा आखडला. "बघते," ती म्हणाली. "घरात विचारायला पाहिजे." सरबताचा एकच पेला बाहेर आला होता. यूम्नाने तो हातात धरला होता आणि तो कुणाला द्यायचा हे तिला कळत नव्हतं.

पारू वळून चालू लागली होती. अरीबा पेला न घेताच पायऱ्या उतरली आणि तिच्या मागे धावली. गल्लीच्या वळणावर तिने तिला गाठलं, पण बरोबरीने चालायचं तिला धाडस झालं नाही.

"मावशी, त्यांनी ऐकलंच नाही. मी परत जाऊन सांगते."

"आयकलं त्यांनी," पारू म्हणाली. चालणं थांबलं नव्हतं. "तू मोठ्यानंच बोललीस."

"मग आता?"

पारूने कपाळावरचा घाम पदराने टिपला आणि पुढच्या गल्लीकडे बघितलं. तिथल्या घरांपुढे गुरं बांधलेली होती.

"तितं मी कदी काम नाय केलं," ती म्हणाली. "पन मी बोकड मारलं आसं त्यांनी बी आयकलं आसंल. चल."

आणि दोघी त्या गल्लीत वळल्या.